डोळेवाल्या मात्सूची गोष्ट गावात सांगायची असेल तर

मी प्रॉम्प्टर. चाळीस वर्षं यात्रेतल्या नाटकांना विंगेत बसून वही धरली. राजहंसगडाच्या पायथ्याकडच्या आमच्या गावात पार्ट करणारे ढीगभर, पण वही धरायला कोण तयार नसायचं. ना हार, ना टाळी, आणि एखादा नट अडखळला की शिव्या मात्र आपल्याला. तीन वर्षांपूर्वी दिवाळीला बेंगळुरूहून आलेल्या पुतण्यानं मोबाईलवर शंभर वर्षांपूर्वीचा एक जपानी मूकपट दाखवला. पडद्याच्या बाजूला एक माणूस उभा, आणि पडद्यावरच्या सगळ्यांच्या वाटणीचं तोच बोलतोय. बेन्शी म्हणतात त्याला. मी म्हटलं, अरे, हे तर माझंच काम, फक्त विंगेतून बाहेर येऊन करायचं.

तेव्हापासून भाताची सुगी झाली की मी चार गावांत खेळ केलेत. दोन-तीन मंडळांनी विचारलं, आम्हाला करायचा तर कसा करायचा, म्हणून हे लिहितोय.

माणूस एकच धरा. ‘जपानी सिनेमाचा इतिहास’ असा बोर्ड लावलात तर पुढच्या रांगेत मास्तर आणि मागं कुत्री, एवढेच येतील. मी धरलाय ओनोए मात्सुनोसुके. जपानचा पहिला मोठा फिल्मस्टार. जन्म १८७५ चा, ओकायामाचा. खरं नाव नाकामुरा त्सुरुझो. ओनोए हे काबुकीतल्या, म्हणजे जपानच्या जुन्या नाटकातल्या, बड्या घराण्याचं नाव, पण हा वाढला गावोगाव फिरणाऱ्या नाटकमंडळीत. डोळे मोठे, आणि ते वटारून बघायची त्याची खोड. लोकांनी नाव पाडलं ‘मेदामा नो मात्चान’. मेदामा म्हणजे डोळ्यांची बुबुळं, आणि ‘चान’ आपण लाडानं पांड्या, बाळ्या करतो तसलं. मी त्याला ‘डोळेवाला मात्सू’ म्हणतो. आमच्या गावात टोपणनावाशिवाय माणूस नाही, त्यामुळे तिथंच निम्मं काम होतं. आमच्या शेजारच्या गल्लीतल्या कन्नड मास्तरांनी लगेच त्याचं ‘दोड्ड कण्णिन मात्सू’ करून टाकलं. आता बोर्डावर दोन्ही नावं असतात.

सुरुवातीचं बोलणं दहा मिनिटांच्या वर नेऊ नका. पूर्वीचे बेन्शीही खेळाआधी असं प्रास्ताविक करायचे. त्यात एक खुंटी आपल्या जिल्ह्यातली ठोका. मी सांगतो, की गुर्लहोसूरचे अण्णासाहेब किर्लोस्कर, म्हणजे आपल्याच बेळगाव जिल्ह्यातले, १८८० साली पुण्यात शाकुंतल उभं करत होते, तेव्हा हा मात्सू पाच वर्षांचा पोर होता आणि पुढं थोड्याच दिवसांत त्याच्या तोंडाला रंग लागला. एवढं झालं की जपान लांबचं राहत नाही. साल-सनावळीची माळ नको. चार तारखा पुरतात: १९०९ पहिला सिनेमा, १९१२ निक्कात्सु कंपनी, १९२१ बेडकाचा सिनेमा, १९२६ मरण.

मात्सूला सिनेमात आणणारा माकिनो शोझो. क्योतोत सेनबोन-झा नावाचं नाटकगृह चालवायचा. योकोता कंपनीनं त्याला सांगितलं, सिनेमे काढ, म्हणून १९०८ साली त्यानं शिन्न्योदो देवळाच्या आवारात पहिला सिनेमा काढला. आपल्याकडे देवळापुढच्या पटांगणात नाटकाचा मांडव पडतो, तसंच की ते. फिरत्या मंडळीतला मात्सू त्याच्या नजरेत भरला आणि १९०९ ला ‘गोबान तादानोबु’त तो पडद्यावर आला. तीन वर्षांत योकोता आणि आणखी तीन कंपन्या एकत्र होऊन निक्कात्सु झाली, आणि मात्सू तिचा हुकमी एक्का. पुढची सतरा वर्षं म्हणजे १९२६ पर्यंत त्यानं हजाराच्या घरात सिनेमे केले असं धरतात. हिशोब लोकांनाच करायला लावा: सतरा वर्षांत हजार, म्हणजे आठवड्याला एकाहून जास्त. मागून कोणीतरी ओरडतोच, “मग नक्कल कधी पाठ करायचा?”

तर ती करायचाच नाही. आणि हे सांगताना माझी छाती फुगते ती लपवत नाही. माकिनो कॅमेऱ्याच्या बाजूला उभा राहून वाक्यं मोठ्यानं म्हणायचा आणि नट ती त्याच्यामागून म्हणत काम करायचे. सिनेमा मुका, त्यामुळे माकिनोचा आवाज फिल्मवर यायचा प्रश्नच नाही. म्हणजे जपानी सिनेमाचा पाया घालणारा माणूस प्रॉम्प्टरचंच काम करत होता, आणि तेही वही न धरता, गोष्ट डोक्यात ठेवून. हे मी प्रत्येक गावात सांगतो आणि विंगेतल्या माणसाला एक टाळी मिळवून देतो.

माकिनोचा एक नियम होता: एक, गोष्ट, दोन, चित्र स्वच्छ, तीन, हालचाल. खेळाची तयारी मी याच क्रमानं करतो, फक्त चित्राचं आधी सांगतो, कारण पहिल्या खेळाला माझी फजिती तिथंच झाली.

प्रोजेक्टर शहरातल्या एका भाड्याच्या दुकानातून आणला. दुकानदारानं लावून दिला आणि गेला. सिनेमा सुरू झाला तर सगळे सामुराई बुटके, आडवे, इडलीसारखे. जुना सिनेमा जवळजवळ चौकोनी असतो, चार रुंद तर तीन उंच. यंत्रानं तो ताणून आजच्या रुंद पडद्याएवढा केला होता. हे आधी घरी तपासा. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या आल्या तर येऊ देत, त्याच बरोबर.

दुसरं वेगाचं. तेव्हा कॅमेरा हातानं फिरवायचे आणि फिल्म महाग, म्हणून सावकाश फिरवायचे. आज तेच चित्र आपल्या यंत्राच्या वेगानं चालवलं तर माणसं मुंग्यांसारखी पळतात आणि लोक हसायला लागतात. प्रत्येक प्रतीचा वेग वेगळा, म्हणून एकच आकडा सांगता येत नाही. मी माणूस चालताना बघतो. पाय जमिनीवर नीट टेकतोय असं वाटेपर्यंत प्लेअरचा वेग कमी करत जायचा. कधी पाऊण पट लागतो, कधी त्याहून कमी.

पडदा विकत घेऊ नका. दोन पांढरे धोतरजोड आडवे शिवून मागं काळं कापड लावलं की झालं; शहापूर-वडगावकडचा कुठलाही शिंपी तासाभरात शिवून देतो. खालच्या शिवणीत एक काठी घाला, नाहीतर वाऱ्यानं मात्सूचं पोट हलतं. लाइट जाणारच. लॅपटॉप बॅटरीवर चालतो, पण प्रोजेक्टर नाही. तेव्हा जनरेटर नसला तर त्या वेळेपुरती एक गोष्ट तोंडी तयार ठेवा. ध्वनिक्षेपक रात्री दहाला बंद करावा लागतो, म्हणून साडेसातला सुरू करा; बायका भाकऱ्या आटपून येईपर्यंत पावणेआठ होतात. पंचायतीतला अर्ज कन्नडातून लागतो, तो आधी लिहून घ्या. माझा अर्ज मुलीनं लिहून दिला, आणि वर ‘जपानी नाटक’ असं लिहिलं. सिनेमा म्हटलं की चार प्रश्न जास्त विचारतात म्हणाली.

सिनेमाच्या हक्कांचं लोक विचारतात. आपल्या कायद्यात सिनेमाचा हक्क प्रदर्शनानंतर ६० वर्षं, तेव्हा हे सिनेमे त्यातून कधीच सुटलेत. मात्र इंटरनेटवरच्या प्रतीत आजच्या कोणी वाजवलेलं संगीत किंवा आजच्या बेन्शीचं बोलणं असतं, ते त्यांचं. आवाज बंद करा. तसाही तो आपल्याला नकोच आहे, बोलायला आपण आहोत.

आता गोष्ट. मी पहिल्यांदा ‘चुशिंगुरा’ लावतो, १९१० ते १२ च्या दरम्यानचा, त्यातली वीसेक मिनिटं. सत्तेचाळीस सामुराईंची ही खरी घडलेली कथा जपानात पोराटोरांना पाठ, तेव्हा बेन्शीला फार सांगावं लागत नव्हतं. आपल्याला लागतं. आसानो नावाचा सरदार कीरा नावाच्या अधिकाऱ्यानं केलेला अपमान सहन न होऊन राजवाड्यातच त्याच्यावर तलवार उपसतो. शिक्षा म्हणून आसानोला पोट फाडून मरावं लागतं. त्याचा कारभारी ओइशी धन्याच्या सूडासाठी माणसं जमवतो. एवढं तीन वाक्यांत सांगायचं.

पण इथं एक खड्डा आहे आणि मी त्यात पडलोय. आसानो मेला. पुढच्या प्रसंगात ओइशी आला. पुढच्या रांगेतली एक आज्जी मोठ्यानं म्हणाली, “ह्यो आत्ताच मेला की गा!”

आणि तिचं बरोबर होतं. आसानोही मात्सू आणि ओइशीही मात्सूच. शेवटी कीराच्या बाजूनं लढणारा शिमिझु इचिगाकु येतो, तोही मात्सूच. एकच नट धनी, चाकर आणि शत्रूचा माणूस. स्टारला जास्तीत जास्त वेळ पडद्यावर ठेवायची युक्ती. तेव्हा हे आधीच सांगा, आणि सांगताना आपलं उदाहरण द्या: १९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये अण्णा साळुंके रामही झाले होते आणि सीताही. लोकांना ते लगेच पटतं. मग प्रत्येक मात्सूला वेगळा आवाज द्या. आसानोला मी नाकातून बोलवतो, ओइशीला सावकाश, इचिगाकुला आमच्या भागातल्या एका पैलवानाचा खर्ज. कोणाचा ते सांगत नाही, पण गावाला कळतं.

एकट्यानं सगळे आवाज काढायची हौस नसेल तर काढू नका. मात्सूच्या सुरुवातीच्या सिनेमांना खुद्द जपानातच चार-पाच जण मिळून आवाज द्यायचे, प्रत्येकाकडे आपापलं पात्र. आपल्या गावातले नाटकवाले यासाठीच तर आहेत. दोघेजण, एक बाई, आणि एक निवेदक, एवढे पुरे. बाईच्या पात्राला बाईचा आवाज द्यायचा की पुरुषाचा, यावर आमच्यात दोन रात्री वाद झाला. कारण पडद्यावरही तो पुरुषच आहे. मात्सूच्या बहुतेक काळात जपानी सिनेमातल्या बायका पुरुषच करायचे. त्यांना ओन्नागाता किंवा ओयामा म्हणत. बालगंधर्वांच्या मुलखात हे समजावून सांगायला लागत नाही. निक्कात्सुत नट्या यायला लागल्या तसे १९२२ च्या शेवटी तिथले ओयामा कंपनी सोडून गेले. त्यांतलाच एक किनुगासा तेइनोसुके पुढं दिग्दर्शक झाला आणि १९५४ साली त्याच्या सिनेमाला कान महोत्सवाचा सगळ्यात मोठा मान मिळाला. शेवटी माझ्या सुनेनं आवाज दिला आणि वाद मिटला. तिचा आवाज चांगला होता, दुसरं कारण नाही.

आता मुद्द्याचं. तुम्ही किती बोलता यापेक्षा कुठं गप्प बसता यावर खेळ उभा राहतो.

पहिल्या खेळात मी एक क्षण तोंड मिटलं नाही. वही पुढ्यात, माईक हातात, कधी नव्हे ते लोक माझ्याकडे बघतायत. ओइशी कोसळायच्या बेतात होता, मात्सूनं मान वळवली, डोळे वटारले, आणि मी आपला ‘आता त्याच्या मनात सूडाचा अग्नी’ वगैरे. तीच आज्जी म्हणाली, “गप बस की जरा, त्येला बघू दे.”

ती बघणं ज्याला म्हणाली ना, त्याला काबुकीत ‘मिए’ म्हणतात. मारामारीच्या किंवा रागाच्या ऐन टोकाला नट एकदम थांबतो, अंग ताठ, मान एक झटका, डोळे मोठे, कधी एक डोळा नाकाकडे वळवलेला. लोक ते बघायलाच पैसे मोजायचे. बेळगावात वैशाखात शिवजयंतीची चित्ररथ मिरवणूक ज्यानं रात्र-रात्र जागून बघितलीय त्याला हे नवीन नाही. ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर वाघनखं काढून थांबलेला पोरगा आणि समोर कोसळणारा अफझलखान. ढोल थांबतो, लाइट पडतो, आणि तो पोरगा डोळ्याची पापणी न हलवता उभा. तसा तो मिए. त्या वेळी बोलणारा मूर्ख.

तालीम अशी करा. सिनेमा आवाज बंद करून तीनदा बघा. पहिल्यांदा फक्त गोष्ट. दुसऱ्यांदा वहीत फक्त मिएच्या जागा टिपा, मिनिट आणि सेकंदासकट. मी तिथं लाल पेन्सिलीनं डोळा काढतो. तिसऱ्यांदा वाक्यं लिहा, आणि ती डोळ्याच्या तीन-चार सेकंद आधी संपतील अशी बेता. प्रॉम्प्टरला हे हाडीमाशी असतं: वाक्य नटाच्या आधी पोचलं पाहिजे, त्याच्या अंगावर नाही. मग डोळा आला की आवाज बंद. काबुकीत त्या ठेक्याला लाकडाचे ठोकळे फळीवर आपटतात. आम्ही सागवानी दाराच्या चौकटीचे दोन तुकडे वापरतो. टाक्, टाक्, टट्-टट्-टाक्. ते वाजवायला लहान मुलगा ठेवा. मोठी माणसं तालात राहतात आणि तिथं ताल तुटायला पाहिजे.

पेटीवाल्याला आधीच सांगा, की ‘दुःखाचा प्रसंग’ म्हटल्यावर त्यानं भैरवी काढायची नाही. ढोलकीही जरा कमी. आमच्या पेटीवाल्यांचं आणि माझं यावरून अजून पटलेलं नाही.

दुसरा सिनेमा ‘गोकेत्सु जिराइया’, १९२१ चा, माकिनोचाच. वीसेक मिनिटं उरलाय. इथं तुम्हाला काहीच करायला लागत नाही. मात्सू हात जोडून मंत्र म्हणतो, धूर होतो आणि तो गायब. मग भला मोठा बेडूक. कॅमेरा थांबवायचा, माणूस हलवायचा, पुन्हा फिरवायचा, एवढीच ती युक्ती. पण आमच्या गल्लीतली पोरं पडद्याच्या मागं जाऊन बघून आली. शिवाय जिराइया, त्याचा वैरी सापवाला ओरोचिमारु आणि गोगलगाईवाली त्सुनादे ही नावं पोरांना मोबाईलवरच्या जपानी कार्टूनातून पाठ. मी नाव घ्यायच्या आधी तीच ओरडली. मी मागं सरकलो आणि माईक एका सातवीतल्या पोराला दिला. त्या खेळाचा सगळ्यात चांगला भाग तोच होता. मात्सूच्या काळातली जपानी पोरंही खेळ बघून आल्यावर बोटं जुळवून गायब व्हायला बघायची.

तिसरं, शेवटची दहा मिनिटं दुसऱ्याच नटाची ठेवा. ‘ओरोची’, १९२५, बांदो त्सुमासाबुरो. शेवटची मारामारी. हे कशासाठी, तर मात्सूचं काय झालं ते सांगायला भाषण करावं लागत नाही. मात्सूची लढाई नाचासारखी: दोन वार, थांबा, डोळे. कॅमेरा लांब, नाटकाच्या पहिल्या रांगेतून बघितल्यासारखा, पायापासून डोक्यापर्यंत सगळं दिसतंय. आणि हा बांदो? केस सुटलेले, धापा टाकतोय, चहूबाजूंनी माणसं, दोर, आणि कॅमेरा त्याच्याबरोबर पळतोय. तो थांबून डोळे दाखवत नाही, त्याला वेळच नाही. मी इथं एक शब्द बोलत नाही, ठोकळेही बंद. आमच्या आज्जी मात्र अस्वस्थ झाल्या. हा थांबतच नाही, बघायचं तरी कुठं, असं त्यांचं म्हणणं. मला वाटतं १९२५ साली क्योतोत मात्सूच्या जुन्या चाहत्यांचंही असंच झालं असणार.

‘ओरोची’नंतर लगेच लाइट लावू नका. अंधारातच सांगा, की ११ सप्टेंबर १९२६ ला मात्सू गेला. दुसऱ्या दिवशी एकावन्न पूर्ण झाली असती. अंत्ययात्रेला क्योतोत माणसांचा पूर लोटला. गोरगरिबांसाठी त्यानं पैसा दिला होता, म्हणून कामो नदीच्या काठी त्याचा पुतळा आहे. बस. इथं पेटीवाल्याला वाजवायची परवानगी द्या, नाहीतर ते रुसतात.

मग प्रश्न येतील, आणि एक नक्की येईल: हजार सिनेमे केले तर तुम्ही दोनच का आणले? उत्तर तयार ठेवा, कारण लोकांना वाटतं भाडं वाचवलं. पुरते किंवा तुकड्यांत मिळून हातावर मोजण्याइतकेच उरलेत. ती फिल्म नायट्रेटची, एका ठिणगीनं भडकणारी, आणि पेटली नाही तरी वर्षं गेली की चिकट होऊन नंतर भुकटी होणारी. एकच प्रत गावोगाव फिरवून फिरवून ओरखडायची, मग टाकून द्यायची. १९२३ चा भूकंप झाला, पुढं लढाई झाली. जपून ठेवावं असं कोणाला वाटलंच नाही. पुढच्या आठवड्यात नवा मात्सू येणारच होता.

मागच्या खेळाला हे ऐकून एका म्हाताऱ्यानं विचारलं, आपल्या यात्रेतल्या नाटकांच्या वह्या कुठायत. माझ्याकडे अकरा आहेत, कोठीच्या माळ्यावर, तांदळाच्या पोत्यांशेजारी. दोन उंदरांनी खाल्ल्यात. पुतण्या संक्रांतीला येतोय, उरलेल्या नऊ मोबाईलवर फोटो काढून ठेवतो म्हणाला. प्रोजेक्टर संक्रांतीच्या आदल्या दिवशी बारापर्यंत परत करायचाय, नाहीतर दुसऱ्या दिवसाचं भाडं लागतं, तेव्हा वायर मोजून घ्या. ती काळी आखूड वायर नेहमी आमच्याच मांडवात राहते.